कॉफीच्या सुट्टीतला रंधा

ही गोष्ट खरी आहे.

हे मी म्हणतोय म्हटल्यावर ओळखीची माणसं हसणार. हसा. मी सिक्स्टेन. चाळीस वर्षं सिनेमाचे सेट बांधले आणि चाळीस वर्षं थापा मारल्या. एका निर्मात्याला मी पटवून दिलं होतं की बर्चचं लाकूड पौर्णिमेला फुगतं, म्हणून त्या दिवशी करवत लावायची नसते. त्या बिचाऱ्याने कॅलेंडर बघून सुट्टी दिली होती.

पण ही थाप नाही. ही गोष्ट मी आजवर कुणालाच सांगितली नव्हती.

साल १९९१. मार्च महिना. बोरोस गावाबाहेर, नदीकाठी, एक बंद पडलेली कापडगिरणी होती. तिचा स्टुडिओ केलेला. वार मंगळवार. वेळ साडेनऊ.

सकाळचे.

भुतं रात्री येतात असं ज्यांना वाटतं, त्यांना सांगतो… आमचं कामाच्या वेळेत यायचं. नेमकं सांगायचं तर, सुट्टीच्या.

सिनेमा एका म्हाताऱ्या बाईचा होता. दीडशे वर्षांपूर्वीचं खेड्यातलं घर, त्यातलं स्वयंपाकघर. मूळ घर कधीच पडून गेलेलं. म्युझियमकडे त्याचा जुना नकाशा होता. त्याची झेरॉक्स आमच्या सेट डिझायनरने, माइलिसने, माझ्या हातात कोंबली.

"जसंच्या तसं हवं, सिक्स्टेन. तुझी अक्कल मधे घालू नकोस."

मापं इंचात होती. मी मुकादम. बसलो, गुणाकार केले, सेंटिमीटर काढले, कामं वाटली. तीन भिंती उभ्या राहिल्या. चौथी भिंत सेटला नसतेच, तिथे कॅमेरा असतो.

आणि दार एवाल्डकडे.

बावीस वर्षं आम्ही एकत्र होतो. भिंती माझ्या, दारं त्याची. "भिंत कुणीही उभी करेल," एवाल्ड म्हणायचा, "ती कुठे जात नाही. दाराला यावं-जावं लागतं." त्याने बसवलेलं दार लागताना धाडकन आवाज व्हायचा नाही. जीभ टाळूला लावून सोडावी, तेवढाच.

टक्.

एप्रिलमध्ये तो पासष्टचा होणार होता. मग पेन्शन. म्हणजे हे त्याचं शेवटचं दार. आणि सिनेमाचा शेवटही त्याच दारावर होता. बाई घर सोडून जाते, दार ओढून घेते आणि कॅमेरा मिनिटभर त्या बंद दाराकडे बघत राहतो. पुढच्या सोमवारी शूटिंग.

मंगळवारी नऊला एवाल्डने दार चढवलं. मी लावून पाहिलं. फटीत पत्त्यांतला पत्ता शिरेना.

"झालं," एवाल्ड म्हणाला. "हे माझ्यापेक्षा जास्त टिकेल."

"सोमवारपर्यंत टिकू दे. मंगळवारी आपणच कुऱ्हाड घालणार आहोत."

"तू घाल. मी तेव्हा मासे पकडत असेन."

साडेनऊ वाजले.

कॉफी.

आता आमच्याकडे साडेनऊची कॉफी म्हणजे साडेनऊचीच. खिळा अर्धा ठोकलेला असला तर अर्धाच राहतो. राजा आला तर त्यालाही कप देऊ, पण हातोडा कुणी उचलणार नाही. हॉलच्या शेजारच्या खोलीत एकच टेबल. आम्ही सातजण. दालचिनीचे पाव, काळी कॉफी, डाग्नीच्या नवऱ्याच्या तक्रारी. डाग्नी म्हणजे आमची रंगारीण.

मी पाव तोंडाशी नेला, आणि…

सर्र… सर्र… सर्र…

हॉलमध्ये कुणीतरी रंधा मारत होतं.

"कोण रे तो गद्दार?" डाग्नी म्हणाली. "कॉफी सोडून काम करतोय. युनियनला कळवा त्याचं नाव."

सगळे हसले. मग हळूहळू एकेक जण टेबलाभोवती बघायला लागला.

मी मोजले.

सात.

सगळे इथेच होते.

एकटा एवाल्ड शांतपणे पाव कॉफीत बुडवत होता. करवतीने त्याचे कान कधीच खाल्ले होते. कानातलं मशीन तो सुट्टीत काढून खिशात ठेवायचा. "तुमच्या गप्पांसाठी बॅटरी कशाला जाळू?" त्याला काहीच ऐकू आलं नव्हतं.

आणखी एक. हाताचा रंधा आमच्याकडे कुणी वापरतच नव्हतं. आमचे विजेवरचे, किंचाळणारे. हा आवाज लांब होता, संथ होता… आणि मधेच थांबायचा. कामकरी माणूस थांबून, एक डोळा मिटून, कड सरळ आहे का बघतो ना? तेवढाच वेळ थांबायचा.

मी उठलो. खोलीचं दार ढकललं.

आवाज बंद.

हॉलमध्ये कुणी नाही. सेटवर कुणी नाही. सेटच्या मागे जाऊन पाहिलं. भिंतींचे टेकू, वाळूच्या पिशव्या, वायरी. जमिनीवर लाकडाचं एक सालपट नाही.

सेटवर परत आलो आणि दाराकडे बघितलं.

कुलपाच्या बाजूला फट होती. चांगली बोटभर. वरच्या बाजूला तीन बोटं.

मगाशी तिथे पत्ता शिरत नव्हता.

दहाला माइलिस आली. गळ्यात मफलर, हातात चार फायली. दारासमोर थांबली.

"सिक्स्टेन, दार बारीक झालंय की भिंत सुटलीये?"

"सकाळी बरोबर होतं."

"आणि आता?"

"आता नाही."

"वा. लाकडाची पौर्णिमा का आज?"

बघा. आयुष्यभर पेरलेलं असं उगवतं.

एवाल्डने घडीची पट्टी काढली, दाराला लावली. पुन्हा लावली. चष्मा पुसून तिसऱ्यांदा लावली.

"शहाऐंशी सेंटिमीटर चार मिलिमीटर केलं होतं मी," तो म्हणाला. "हे चौऱ्याऐंशी आणि एक आहे."

"म्हणजे चुकलं तुझं," माइलिस म्हणाली. तशी ती वाईट बाई नव्हती. घाईत होती. "नवीन कर. चुकतं माणसाचं."

एवाल्डने दार बिजागऱ्यांवरून उतरवलं. त्याच्याकडून चुकतं, हे वाक्य बावीस वर्षांत त्याच्यासमोर कुणी उच्चारलं नव्हतं.

संध्याकाळपर्यंत त्याने दुसरं दार केलं. माप मी घेतलं, मग डाग्नीने घेतलं. शहाऐंशी आणि चार. डाग्नीने रात्रीच निळसर करडा रंग मारून ठेवला, कडांनाही. बुधवारी नऊला चढवलं.

टक्.

साडेनऊला मी हॉलला कुलूप घातलं आणि किल्ली खिशात टाकली. मनात म्हटलं, कुणी गंमत करत असेल तर करू दे आता. गंमत करणारा या स्टुडिओत एकच, आणि तो मी.

टेबलाशी बसलो. मोजले. सात.

 डाग्नीच्या नवऱ्याला त्या दिवशी पहिल्यांदा विश्रांती मिळाली.

एक मिनिट… दोन…

सर्र… सर्र…

"सिक्स्टेन," डाग्नी हळूच म्हणाली, "टेप लावलीयेस का रे? लावली असशील तर सांग. छान जमलंय. आता बंद कर."

"मी नाही."

"शप्पथ?"

"शप्पथ."

तिने माझ्याकडे असं बघितलं की मला माझ्याच शपथेची लाज वाटली.

मी पळत गेलो. कुलूप उघडेपर्यंत आवाज चालू होता. किल्ली फिरली आणि थांबला.

बोटभर फट. वर तीन बोटं.

मी कडेवरून हात फिरवला. रंधा मारला तर रंग निघायला हवा, आतलं पांढरं लाकूड दिसायला हवं. दाराची कड निळसर करडी होती. एकसारखी. वाळलेली. ओरखडासुद्धा नाही. जणू ते दार जन्मालाच चौऱ्याऐंशी आणि एकचं आलं होतं.

मला भीती वाटायला हवी होती. खरं सांगतो, मला राग आला. इतका राग की मी त्या दाराला लाथ घातली आणि अंगठा सुजवून घेतला. काम नीट केलेलं असताना चुकीचं ठरावं, यापेक्षा मोठा छळ सुताराला नाही. आणि छळ करणाऱ्याची कॉलर धरावी, तर कॉलरच सापडत नाही.

माइलिसने मला बाजूला घेतलं.

"त्याचे डोळे गेलेत, सिक्स्टेन. बोलायला वाईट वाटतं, पण गेलेत. उद्याही असंच झालं तर मी गोथेनबर्गहून माणूस बोलावणार. शेवटचा शॉट आहे तो. फटीतून मागचे टेकू दिसले तर सगळा सिनेमा गेला."

"डोळे ठीक आहेत त्याचे. माप मी घेतलंय. डाग्नीने घेतलंय."

"तू त्याला सांभाळून घेतोयस. डाग्नी तुम्हा दोघांना. मला कळत नाही का?"

"माइलिस, कॉफीच्या वेळी हॉलमध्ये कुणीतरी असतं."

"कोण?"

मी सुजलेल्या अंगठ्याकडे बघितलं. 

"पुढच्या वेळी जरा बरी थाप शोध," ती म्हणाली आणि गेली.

एवाल्ड पलीकडे उभा होता. ऐकू येत नसलं, तरी बावीस वर्षांत तो ओठ वाचायला शिकला होता.

संध्याकाळी मी त्याला माझ्या गाडीतून घरी सोडत होतो, रोजच्यासारखा. रस्त्याकडेला बर्फ काळा पडलेला. तो आपले हात मांडीवर पालथे ठेवून त्यांच्याकडे बघत होता. बराच वेळ.

"सिक्स्टेन."

"हं."

"तू करतोयस ना हे?"

मी गाडी हळू केली.

"सांगून टाक. मी रागावणार नाही. देवाशप्पथ नाही रागावणार. तूच असशील तर… मला बरंच वाटेल."

त्याला काय हवं होतं, हे तेव्हाच कळायला हवं होतं मला. पण दोन दिवस माझ्यावर कुणी विश्वास ठेवत नव्हतं आणि मी कावलो होतो.

"नाही रे बाबा," मी खेकसलो. "किती वेळा सांगू? मी नाही."

त्याने हात उचलून कोटाच्या खिशात घातले. कुणाला दिसू नयेत असे.

गुरुवार.

तिसरं दार. नऊला चढवलं, टक्. एवाल्डने ते लावलं, उघडलं, लावलं, उघडलं. दहा-बारा वेळा. मग कुणाकडे न बघता कॉफीला गेला.

मी गेलो नाही.

बावीस वर्षांत पहिल्यांदा साडेनऊला माझ्या हातात कप नव्हता. सेटवरच्या बाकावर बसलो. समोर बंद दार, मधे पाच हात अंतर. मागे माझी पाठ उघडी, कारण चौथी भिंत नाही. ते जरा जास्तच जाणवत होतं.

पलीकडच्या खोलीतून कपांचे आवाज येत होते. मग तेही थांबले. ते सगळे कान लावून बसले होते.

शांतता.

हॉलचे दिवे गुणगुणतात एरवी. त्या वेळी ते गुणगुणत नव्हते.

आणि मग…

सर्र…

दाराच्या पलीकडून.

सर्र… सर्र…

मी बाकाची कड धरली. दाराच्या कुलपाच्या बाजूला अंधाराची एक उभी रेघ उमटली. केसाएवढी. आवाजाबरोबर ती रुंद होत गेली. काडीएवढी… पेन्सिलीएवढी… बोटाएवढी. दार जागचं हललं नाही. फक्त कमी होत गेलं.

मग थांबलं.

फू…

कडेवरचा भुसा उडवायला सुतार फुंकर मारतो, तशी फुंकर. फटीतून आली आणि माझ्या तोंडावर बसली. थंड. तिला ताज्या राळेचा वास होता. आमचं लाकूड वर्षभर गोदामात वाळलेलं होतं. त्याला असा वास येत नाही.

आणि मग एक आवाज आला, जो मी जन्मभर ऐकत आलोय.

च्.

दुसऱ्याने केलेलं चुकीचं काम निस्तरताना म्हातारा कारागीर करतो, तो. वैतागलेला. थकलेला. तीन दिवस तेच ते निस्तरून कावलेला.

माझ्यासारखाच.

का कोण जाणे, त्या 'च्'ने माझी भीती थोडी उतरली. मी घसा खाकरला.

"कोण आहे?"

काही नाही.

"काय हवंय?"

काही नाही.

मग मी विचारलं, एका सुताराने दुसऱ्याला विचारावं तसं, "चुकलंय का काही?"

आमच्याकडे, विशेषतः उत्तरेकडे, जुनी माणसं 'हो' म्हणत नाहीत. तोंडाचा चंबू करून नुसता श्वास आत ओढतात. तो हो.

फटीतून श्वास आत ओढल्याचा आवाज आला.

श्शुप्.

मी उठून सेटच्या मागे धावलो की नाही, हे विचारू नका. नाही धावलो. पाय बाकाखाली होते आणि तिथेच राहिले.

दिवे पुन्हा गुणगुणायला लागले, तेव्हा मी पट्टी काढली. विश्वास बसेना, म्हणून चार वेळा मोजलं. चौऱ्याऐंशी आणि एक. उतरवलेली दोन दारं भिंतीला टेकवून ठेवली होती, तीही मोजली. चौऱ्याऐंशी आणि एक. चौऱ्याऐंशी आणि एक. उंचीही तिन्हींची सारखी.

चुकणारा माणूस तीनदा एकसारखा चुकत नाही.

मी नकाशा काढला. दार, चौतीस इंच. चौतीस इंच म्हणजे शहाऐंशी आणि चार. लाकडाच्या वखारीत आम्ही आजही इंचातच बोलतो. ते गणित मला झोपेतही येतं.

ऑफिसात जाऊन म्युझियमला फोन लावला. तिकडे एक मरगळलेला माणूस होता.

"नकाशातला इंच नक्की किती?" मी विचारलं.

"कुठला इंच घेतलात तुम्ही?"

"कुठला म्हणजे? इंच."

"तो इंग्रजांचा," तो म्हणाला, जणू दिवसातून दहा जण हेच विचारतात. "तेव्हा आपला स्वतःचा होता. थोडा लहान. चौतीस इंच म्हणजे… थांबा हं… चौऱ्याऐंशी सेंटिमीटर, एक मिलिमीटर."

माझ्या कानाशी रिसीव्हर ओला झाला.

दार नव्हतं चुकलं. माझं अख्खं स्वयंपाकघर चुकलं होतं. सगळंच त्या प्रमाणात मोठं, म्हणून कुणाच्या डोळ्याला कळलं नव्हतं. आणि कुणीतरी तीन दिवस, न कंटाळता, सुरुवात दारापासून करत होतं.

"त्या घरात काही घडलं होतं का?" मी विचारलं. "कुणी मेलं? फास? आग?"

"नाही हो. साधं घर. साधी माणसं. बटाटे पिकवायची."

"आणि बांधलं कुणी?"

"नोंद नाही."

तुमची निराशा झाली असेल. माझीही झाली होती.

माइलिस हॉलमध्येच होती. दारासमोर. एवाल्ड बाजूला, खाली मान घालून आपली हत्यारं पेटीत भरत होता. बाकीचे पाचजण मागे उभे. मी सरळ सांगून टाकलं. इंच मी चुकवला. दोष माझा. चौकट आजच्या आज लहान करतो, दार त्यात बसेल.

तिने ऐकून घेतलं. बाई हुशार होती.

"बरं. तुझा इंच चुकला. पण मग चौकटही चुकीच्या इंचाने केली आणि दारही. दोन्ही सारखीच मोठी. एकमेकांत बसायला हवीत. एवाल्डचं दार लहान का झालं?"

मी नकाशाची घडी घातली.

"तीनदा लहान का झालं, सिक्स्टेन?"

एवाल्डच्या पेटीत पटाशी पडल्याचा आवाज झाला. त्याने मशीन कानात घातलं होतं. सगळं ऐकत होता. त्याने माझ्याकडे बघितलं. गाडीत बघितलं होतं, तसंच.

खरं सांगितलं असतं तर? सांगून बघितलं होतंच. खरं माझ्या तोंडात शोभत नाही.

"मी केलं," मी म्हटलं.

"काय केलंस?"

"गंमत. तीन लहान दारं घरी करून आणली होती. वाळूच्या पिशव्यांमागे लपवली. कॉफीच्या वेळी मी उठून जायचो ना? तेव्हा बदलायचो. एवाल्डची मोठी दारं बॉयलरमध्ये घातली. शेवटच्या आठवड्यात म्हाताऱ्याची जरा फिरकी घ्यावी म्हटलं."

बघा, किती सुबक बसली थाप. सालपटं का नाहीत, रंग का निघाला नाही, सगळ्याचं उत्तर तिच्यात होतं. खऱ्यात एकाचंही नव्हतं.

डाग्नीने तोंड उघडलं. कुलूप लावताना तिने मला पाहिलं होतं. तो आवाज माझ्या शेजारी बसून ऐकला होता. तिने एवाल्डकडे बघितलं…

आणि तोंड मिटलं. बाकीच्या चौघांनीही.

एवाल्ड ताठ उभा राहिला. तीन दिवसांत पहिल्यांदा.

"म्हणजे माझं माप बरोबर होतं," तो म्हणाला.

"मिलिमीटरपर्यंत."

"तिन्ही वेळा?"

"तिन्ही वेळा."

त्याने दोन्ही हात समोर धरले, उलटेपालटे करून बघितले. त्याचे डोळे भरून आले आणि तो हसत होता.

त्याच क्षणी, सेटच्या मागे…

ठक्.

रंधा खाली ठेवल्याचा आवाज. लाकडावर लाकूड. जोरात नाही. पण काम अर्धवट टाकून ठेवावा, तसा.

आमच्या सहाजणांच्या माना तिकडे वळल्या. माइलिसचीही. एवाल्डची नाही. तो आपले हात बघत होता.

"चौकट दुरुस्त कर," माइलिस मला म्हणाली. तिचा आवाज बारीक झाला होता. "आणि मग तुझी हत्यारं उचल. मला तू पुन्हा दिसायला नकोस."

चौकट मी दुपारी लहान केली, जुन्या इंचाने. शुक्रवारी एवाल्डने दार चढवलं. मी तिथे नव्हतो. डाग्नीने फोन करून सांगितलं, "टक् झालं. आणि कॉफीच्या वेळी… काही नाही, सिक्स्टेन. नुसती शांतता. कुणी पाव खाल्ला नाही तरी."

सोमवारी शॉट झाला. पहिल्याच वेळी.

त्या गुरुवारी निघताना गाड्यांपाशी एवाल्डने मला गाठलं होतं.

"नालायका," तो म्हणाला. "दोन रात्री झोपलो नाही मी. बायकोला म्हटलं, माझे हात गेले. ती माझे हात धरून बसली होती, माहितीये तुला?"

"सॉरी."

"तुझं सॉरी तुझ्याजवळ ठेव."

तो बसने गेला. माझ्या गाडीत पुन्हा कधी बसला नाही. त्यानंतर नऊ वर्षं तो जगला, मासे पकडत, नातीसाठी खुर्च्या करत. आम्ही तीनदा भेटलो असू, तेही दुकानात. पण गावात तो सगळ्यांना सांगायचा, "त्या सिक्स्टेनने माझी तीन दारं पळवली, तरी माझं माप मिलिमीटरनेही हललं नव्हतं." त्याच्या अंत्यविधीनंतर चर्चच्या खोलीत कॉफी होती. तिथेही हाच किस्सा चालला होता. लोक हसत होते. डाग्नी खिडकीशी उभी होती. ती हसली नाही.

मला मुकादम म्हणून पुन्हा कुणी बोलावलं नाही. त्याचं काही नाही.

मला खातं ते दुसरंच.

आमच्या धंद्यात चोऱ्या दोन. एक हत्यार चोरणं. दुसरी, केलेलं काम एकाचं असताना आपलं म्हणणं. पहिलीला माफी आहे. जो कुणी पलीकडे उभा राहून तीन दिवस राबला, त्याचं काम मी सगळ्यांसमोर माझ्या नावावर घेतलं. चांगल्यासाठी घेतलं. पण त्याला कुठे माहीत? त्याने फक्त ऐकलं, 'मी केलं'.

आणि रंधा खाली ठेवला.

त्या दिवसापासून मी बसवलेलं एकही दार लागलेलं नाही.

एकही नाही. छोट्या कामांवर, शेजाऱ्यांकडे, माझ्या मुलीच्या उन्हाळी घरात. माप घेतो, बरोबर. कापतो, बरोबर. चढवतो… फट. कधी बोटभर, कधी दोन. आवाज येत नाही आता. आवाज आला असता तर बरं झालं असतं. मी त्याच्याशी बोललो असतो, सांगितलं असतं. खूपदा बंद दारासमोर बसून विचारलंय, "चुकलं का माझं?"

श्वास ओढल्याचं ऐकू येत नाही. नाही म्हटल्याचंही नाही.

परवा मुलीने माझ्या न्हाणीघराचं दार बदलायला शेजारच्या गावातला सुतार आणला. चांगला गडी. तासाभरात बसवलं. लावून पाहिलं, टक्. हात पुसत मला म्हणाला, "तुमची लेक सांगत होती, तुम्हीही सुतार होतात म्हणे. मग घरातली सगळी दारं अशी कशी, आजोबा?"

मी म्हटलं, "अरे, तिचं काय ऐकतोस. मी आयुष्यभर थापाच मारल्या."